चेहरा आहे तसाच

प्रिय रुपेश,

सप्रेम जय भीम. पत्र बघून दचकू नकोस, घरी कुणाला काही झालेलं नाही. म्हणजे अजून तरी नाही. फोनवर तू "ताई, मीटिंगमध्ये आहे" म्हणतोस आणि माझं निम्मं बोलणं घशातच राहतं. तुझे दाजी म्हणाले, मेसेज कर की. पण हे मेसेजमध्ये मावणारं नाही.

पेपरात तुझा फोटो आला तेव्हा इथं सासरी, कळंबमध्ये मी किती भाव खाल्ला म्हणून सांगू! किराणावाल्यानं विचारलं, महोत्सव परदेशात म्हणजे नक्की कुठं? मला त्या गावाचं नाव धड घेता येईना, मग "लई लांब" म्हणून सुटका करून घेतली. शिनोलीतल्या आपल्या वस्तीतला पोरगा सिनेमा काढतो, याचा मला फार अभिमान आहे रे. तरी तू सिनेमाची लिंक पाठवलीस, कसा वाटला म्हणून पुन्हा पुन्हा विचारलंस, आणि मी गप्प. रागावला असशील.

बेल्ह्याच्या बाजारातलं शूटिंग आठवतं? तुझ्या सीनसाठी आपले नाना बैल विकायला उभे होते. उपरण्याखाली व्यापाऱ्याच्या हातात हात, बोटांनीच भाव चाललेला, तोंडातून शब्द नाही. तू कॅमेऱ्यामागून ओरडलास, "नाना, तुमचा त्यो पांढरा डोळा लई भारी दिसतोय! चेहरा हाय तसाच ठेवा, मी सांगेपर्यंत काय बदलायचं न्हाई." सीन एकमेकांशी जुळावेत म्हणून तुम्ही लोक असं सांगता, हे आता मलाही कळतं. पण शूटिंग संपलं, तू मुंबईला गेलास, आणि काम संपलं हे नानांना सांगायचं राहूनच गेलं.

ते अजून थांबलेत, रुपेश. आम्ही सांगून ऐकत नाहीत, त्यांना तुझाच शब्द हवा. दाढी तेवढीच राहावी म्हणून स्वतः कात्री लावतात. त्या शर्टाची फाटकी कॉलर आईला शिवू देत नाहीत. इथवर आम्ही हसलो. पण मंचरच्या डॉक्टरांनी सांगितलं की मोतीबिंदू पुरता पिकलाय, आता थांबलात तर डोळा हातचा जाईल. तर नाना त्यांनाच समजावतात, "एका सीनला पांढरा डोळा आन दुसऱ्याला काळा दिसला, तर लोक माझ्या पोराला हसतील." दुसऱ्या डोळ्यालाही आता कमी दिसतं. गेल्या आठवड्यात घोडेगावच्या रस्त्यावर ते सरळ टेम्पोपुढे गेले. ड्रायव्हरनं ब्रेक दाबला म्हणून वाचले. आई तेव्हापासून त्यांना एकटं सोडत नाही. म्हणते, "त्या शिनेमापायी म्हातारा आंधळा व्हईल." मी त्यांना न विचारता ऑपरेशनची गुरुवारची तारीख घेऊन आले आहे. ते येतील की नाही या काळजीनं माझा डोळ्याला डोळा लागत नाही.

तू म्हणशील, एवढंच ना, आत्ता फोन करतो. तुझ्या एका शब्दावर ते उठून दवाखान्यात जातील, मला माहीत आहे. पण मी तुझा सिनेमा दोनदा बघितला. बाजार आहे, बैल आहे, नाना नाहीत. त्यांचे हातसुद्धा नाहीत. कुणी कापायला लावलं, का लावलं, मी विचारणार नाही. तुझाही जीव तुटला असेल. पण पट्टी सुटली की नाना पहिल्यांदा काय बघायला मागतील? परवा त्यांचा हात धरून चालताना मनात आलं, नाही दिसलं तर बरंच होईल. माझ्या मनात, त्यांच्या लेकीच्या! तेव्हापासून मला माझीच भीती वाटते, म्हणून लिहिलं. बुधवारी ये. त्यांच्या समोर बस आणि त्यांना दिसायला लागायच्या आधी तूच सांग.

वाट बघणारी, तुझीच
रत्नाताई