समोरच्या बाकावरचे अनंतभाऊ

जळगाव जामोद

अनंतभाऊ,

तुमच्या जिनिंगमधल्या बशीर फिटरचा सलाम.

हे पत्र मी टपालात टाकणार नाही. तुमाले वाटन, बशीर माफी मांगून राह्यला. माफी कायची? सारी उमर तुमच्या मशिनी चालवल्या. रिटायर झाल्यावर ग्रॅच्युइटी मांगितली, तं तुमी हसून म्हणले, "तू तं घरचा माणूस बे, तुले कायची ग्रॅच्युइटी?" म्हणून मले बुलडाण्याच्या कामगार कोर्टात अर्ज करा लागला.

सुनावणीत तुमचा वकील म्हणे, हा कधी कायम नव्हताच, रोजानं यायचा. मी तुमच्याकडं पाह्यलं. तुमी मान खाली घातली होती. मंग साहेबानं तुमालेच इचारलं. वकिलानं तुमचा हात दाबला, तरी तुमी बोलले, "नाही साहेब. माह्या लग्नाच्या आंधीपासून हा माह्याकडंच कामाले होता."

त्या बोलण्यानं निकाल माह्या बाजूनं लागला. पैसे व्याजासकट भेटले. पण तवापासून बाजारात मी दिसलो का तुमी गल्ली बदलता. दुपारचा चहा मले आता एकट्याले प्या लागते. त्यात अद्रक काऊन टाकलं म्हणून भांडाले कोनी नाही.

हक्क तं मी पुन्हा मांगीन, भाऊ. पण त्या दिवशी तुमी खरं बोलले, तवा मले तुमच्या बाकावर, तुमच्या बाजूले येऊन बसावंसं वाटलं. मी अर्धा उठलोही होतो. साहेबाले वाटलं, मले काही सांगायचं हाये.

"काही नाही साहेब," म्हणलं, अन् खाली बसलो.

तुमचाच,
बशीर