रूपाली मागे आहेच

२६ ऑगस्ट
कंपनीचा फोन आला. पंपांचं टार्गेट पूर्ण झालं, बक्षीस म्हणून युरोपची सहल. प्राग नावाचं जुनं शहर. डीलर आणि त्याची बायको, जोडीनेच. एकट्याला तिकीट नाही.
कळसाडीहून सायकलवर पाने-पक्कड घेऊन निघालेला माणूस आता विमानाने निघणार. आपलीच पाठ आपण थोपटली. इथपर्यंत कशाच्या जोरावर आलो? कानाच्या. शेतकरी फोन मोटरीजवळ धरतो, मी शहाद्यात दुकानात बसून सांगतो, बेअरिंग गेलंय का वायंडिंग. शहादा तालुक्यात असा कान दुसरा नाही.
रूपालीला बातमी सांगितली. वाटलं, पेढा भरवेल. तिने अट घातली. म्हणे, "बराबर चालशात ते मी येसू, नही ते तुम्ही नि तुमनी मोटर जा. तीस वरीस तुमनी पाठच देखी मी."
तिचं म्हणणं असं की मी रस्त्याने कायम दहा पावलं पुढे असतो. आता आमच्याकडे कोण नसतं? माझे वडील पुढे, आई मागे. आजोबा तर इतके पुढे असायचे की आजी एकदा दुसऱ्याच गावाला पोचली होती.
कबूल केलं. सोपं काम आहे.

२८ ऑगस्ट, सकाळी
सराव म्हणून रूपालीबरोबर डोंगरगाव रस्त्याने फिरायला गेलो. पहिला खांब ते दुसरा खांब, अगदी बरोबर. मग खताचा ट्रॅक्टर आला म्हणून पुढे झालो. मग ट्रॅक्टर गेला, पण मी पुढेच राहिलो. यात चूक ट्रॅक्टरची.
घरी आल्यावर रूपालीने चहा दिला. चहात साखर नव्हती.

१ सप्टेंबर
निश्चय. लिहूनच ठेवतो. (१) प्रागमध्ये बरोबर चालायचं. (२) दुकानाचा विषय काढायचा नाही. (३) गुडघ्याला तेल लावायचं.
खरं सांगायचं तर मला मागे वळून बघावंच लागत नाही. रूपालीची जोडवी फरशीवर वाजतात, त्यावरून मला कळतं ती किती मागे आहे, दमली आहे का, रागात आहे का. हे प्रेम नाही तर काय? पण बायकांना असं प्रेम दिसत नाही, त्यांना शेजारी उभा माणूस लागतो.
मुलीने, प्रतिभाने, आईला सहलीसाठी मऊ तळाचे बूट पाठवले. पायात घालून रूपाली घरभर फिरली. आवाजच नाही. मांजर पाळल्यासारखं वाटलं.

५ सप्टेंबर
निघालो. वाटेत विसरवाडीला हायवेवर गाडी थांबवून जोसेफ गावित आणि त्याची बायको एस्तेर यांना घेतलं. जोसेफ छोटा डीलर. गेल्या वर्षीपर्यंत माझ्याकडून सुटे पार्ट न्यायचा. टार्गेट कसं पूर्ण केलं देव जाणे, म्हणजे त्याचाच देव.
ढाब्यावर चहाला उतरलो. जोसेफ आणि एस्तेर पार्किंगपासून टेबलापर्यंत शेजारी शेजारी, गप्पा मारत, हसत. एस्तेरची पिशवी जोसेफच्या खांद्याला. रूपालीने मला कोपर मारलं. मी म्हणालो, अशाने माणूस धंद्यात पुढे जात नाही. रूपाली म्हणाली, "आपलाच गाडीमा बठेल शे ना तो? आपलाच इमानमा बठी ना?"
चहाचे पैसे मी दिले. चौघांचे.

७ सप्टेंबर, सकाळी ८
प्राग. नाश्त्याला तेरा प्रकारचा पाव. आमच्याकडून शेव आणि ठेचा.
आज जुन्या शहरातून पायी फेरी. टूर मॅनेजर धीरज सगळ्यांना कानात घालायची यंत्रं वाटतोय. गाईडबाई पुढे हळू बोलते, ते मागच्याला कानात ऐकू येतं, धीरज मध्ये हिंदीत सांगतो. मी यंत्र नाकारलं. धीरज म्हणाला, पाटील साहेब, सगळे घेतात. मी म्हणालो, ज्यांना कान नाहीत त्यांनी घ्यावं. जोसेफ हसला. चांगला माणूस आहे तसा.
आज रूपालीची तीस वर्षांची तक्रार मिटवून टाकतो. दुपारपर्यंत विषय संपला पाहिजे.

७ सप्टेंबर, संध्याकाळी
झालं ते क्रमाने लिहितो, म्हणजे कोणाची चूक हे स्पष्ट होईल.
सुरुवात उत्तम. एका काळ्या दगडी बुरुजाखालून निघालो. गाईडबाईच्या हातात पिवळी छत्री, मागे आम्ही सगळे. मी आणि रूपाली बरोबर. अगदी खांद्याला खांदा. रूपालीने माझ्याकडे बघितलंसुद्धा.
पण गाईडबाई फार हळू चालते. प्रत्येक दारापाशी थांबते. दारावर हंस काढलाय, अस्वल काढलंय. पूर्वी घरांना नंबर नव्हते, चित्रावरून पत्ता सांगायचे. बरं, कळलं, चला पुढे. बाजारातून चालायची सवय असलेल्या माणसाला असं चालवत नाही. मी थोडा पुढे झालो. गाईडबाईच्याही थोडा पुढे. यंत्र नसल्यामुळे ती काय म्हणते ते ऐकायची सक्ती नव्हती.
तेवढ्यात आवाज आला. डाव्या गल्लीतून. मोटर! फरशी उखडून खड्डा खणलेला, त्यातलं पाणी काढायला पंप लावलेला, आणि त्याचं बेअरिंग घासतंय. सहा हजार किलोमीटर लांब येऊनही माझा कान ओळखतो म्हणजे बघा. मी गल्लीत वळलो. रूपाली मागे आहेच.
खड्ड्यावर दोन गोरे कामगार. मी त्यांना हाताने खूण केली, मोटर बंद करा, आतून घासतेय. त्यांनीही हाताने खूण केली. तिचा अर्थ जगात सगळीकडे एकच असतो. मी निघालो.
पुढच्या गल्लीत मी रूपालीला समजावत चाललो. म्हणालो, हे बघ, इथं नदीला सारखे पूर यायचे, म्हणून लोकांनी रस्तेच उचलून घेतले, तेव्हाचा तळमजला आता तळघर झालाय. हे मी हॉटेलात धीरजकडून ऐकलं होतं. आपल्या तापीकाठी हे करायचं तर किती मुरूम लागेल, तेही सांगितलं. दोन-तीन वळणं मी असा बोलत होतो. हात उंच करून घरं दाखवत होतो. मागे मऊ बुटांची हलकी चाहूल होती. रूपाली मध्ये एकदाही टोकत नव्हती. मनात आलं, बघा, नीट समजावलं की बाईसुद्धा ऐकते.
एका कमानीखाली थांबून मी मागे वळलो.
मागे एक म्हातारी मडम, तिचा नवरा, आणि आणखी दोन पोक्त बायका. चौघांनी माना डोलवल्या. मी एवढ्या ऐटीत हात वर करून चाललो होतो की ते मला गाईड समजले होते. मडमने विचारलं काहीतरी. मी म्हणालो, "मुरूम." तिने मान डोलवली.
रूपाली नव्हती.
आता खरं लिहितो, कारण हे कोणी वाचणार नाही. घाबरलो. बाईला इंग्रजी येत नाही, हॉटेलचं नाव येत नाही, पाकीट माझ्याकडे, पासपोर्ट माझ्याकडे. मी पळत सुटलो. प्रत्येक गल्ली सारखी, गोल गुळगुळीत दगडांची. मी थांबून कान दिला. पैंजण, जोडवी, काहीच नाही. सगळं शहर मऊ बुटांत चाललेलं. गुडघा बोलायला लागला. मागे ती चार माणसंही पळत येत होती, त्यांना वाटलं टूरचा भाग आहे.
शेवटी घंटा वाजली. मोठ्या चौकातलं जुनं घड्याळ, ज्याच्यावर एक सांगाडा घंटा ओढतो आणि खिडकीतून संतांचे पुतळे फिरतात. त्या आवाजावर चौकात पोचलो. अख्खी गर्दी वर बघत होती. आणि गर्दीच्या कडेला बाकावर रूपाली आणि एस्तेर, मध्ये कागद पसरून नळीसारखी गुंडाळलेली गोड रोटी खात होत्या. दोघींच्या ओठांवर साखर. जोसेफ त्यांना हसवत होता.
मी धापा टाकत विचारलं, मला शोधलं नाही का कोणी?
रूपाली वर बघून म्हणाली, "मी म्हनं, पुढे व्हतीन."
धीरजने यादी काढून माझ्या नावापुढे खूण केली. त्यालाही रूपालीनेच सांगितलं होतं, ते पुढेच असतात, काळजी करू नका.
मडमने जाताना माझ्याबरोबर फोटो काढला आणि हातात नाणं ठेवलं. रूपालीने ते बघितलं.

८ सप्टेंबर, सकाळी
चूक कोणाची याचा विचार केला. पंपाची. नंतर गाईडबाईची. मग बुटांची. जोडवी असती तर हे झालंच नसतं.
रूपालीला असं म्हणून बघितलं. ती चिडली की अहिराणी सोडून शाळेतलं मराठी बोलते. म्हणाली, "आज मोकळा दिवस आहे. मी एस्तेरताईंबरोबर जाणार आहे. आपण आपलं बघावं." 'आपण' म्हणाली. 'तुम्ही'सुद्धा नाही.
नाश्त्याला जोसेफशेजारी बसलो. त्याला सहज म्हणून विचारलं, तू एस्तेरबरोबर चालतोस ते कसं जमतं? अवघड वाटत नाही? जोसेफ म्हणाला, "भाई, डोंगरात पाऊलवाट एवढीशी. तिथे ती पुढे असते, मी मागे. रस्ता रुंद मिळाला की बरोबर चालतो. एवढंच." याला काही युक्ती म्हणत नाहीत. मला युक्ती हवी होती.
रूपालीकडे गेलो. हात जोडले नाहीत, पण जोडल्यासारखे केले. म्हणालो, एक संधी. तो पुतळ्यांचा दगडी पूल आहे ना नदीवर, तो एकदा. या टोकापासून त्या टोकापर्यंत. बरोबर. रुंद आहे, ट्रॅक्टर येत नाही.
खूप वेळ शेव निवडत बसली. मग म्हणाली, "चाला."
अहिराणीत म्हणाली!

८ सप्टेंबर, दुपारी
यशस्वी. शंभरपैकी शंभर.
पूल ओलांडला. सुरुवातीपासून शेवटपर्यंत बरोबर. अर्धं पाऊलसुद्धा पुढे नाही. रूपालीची हिरवी साडी, वारा, खाली नदी, दोन्ही बाजूंना काळे दगडी संत. मला स्वतःचं कौतुक वाटलं. मनात म्हणालो, नवनीत, जे ठरवतोस ते करतोस.
मध्ये फक्त एक फोन घेतला. कळसाडीच्या दगा पाटलाचा. कपाशीला पाणी द्यायचं आणि मोटर गुरगुरतेय. पाऊस नाही, अशा वेळी माणसाला नाही कसं म्हणायचं? पण चालण्याचा करार मोडला नाही, हे महत्त्वाचं. फोन डाव्या कानाला, रूपाली उजवीकडे. पायाला पाय जुळवून. दगाने फोन मोटरीजवळ धरला, वाऱ्यामुळे नीट ऐकू येईना, म्हणून मी डोळे मिटून घेतले. पूल सरळ आहे, काही अडचण नाही.
रूपाली मधल्या पुतळ्यापाशी काहीतरी बोलायला लागली. बरंच बोलली. मी बोट वर केलं, एक मिनिट. निदान झालं, बेअरिंगच. फोन ठेवला तेव्हा पूल संपला होता. मी म्हणालो, हां, काय म्हणत होतीस?
रूपाली म्हणाली, "काही नाही."
शुद्ध मराठीत. प्रवासाचा थकवा असेल.

१३ सप्टेंबर
शहादा. दुकानात येईल त्याला पुलाची गोष्ट सांगतो. तीस वर्षांची सवय एका दिवसात मोडली. दगाची मोटरही चालू झाली. म्हणजे एका पुलावर दोन कामं. चहात साखर आहे, पण रूपाली कप ठेवून निघून जाते, बसत नाही. विचारलं, पुलावर काय म्हणाली होतीस? म्हणाली, आता आठवत नाही. तिला मागच्या जत्रेतल्या बांगड्यांचा भाव आठवतो.

१९ सप्टेंबर
जोसेफने विसरवाडीहून मोबाईलवर फोटो पाठवला. आम्ही पुलावरून चालत येत होतो तेव्हा त्याने समोरून काढला होता. पुरावाच मिळाला!
मोठा करून बघितला. आम्ही अगदी बरोबर चाललोय. मी डाव्या कानावर फोन दाबलाय, डोळे घट्ट मिटलेत, तोंड नदीकडे, एक बोट आकाशात. रूपाली माझ्याकडे बघून काहीतरी सांगतेय. तिच्या चेहऱ्यावर जे आहे ते मी कधी पाहिलं नव्हतं. म्हणजे तिने दाखवलं असेल, मी पुढे असेन.
फोटो पुसून टाकावा असं वाटलं. पण जोसेफने तो रूपालीलाही पाठवलाय.

४ ऑक्टोबर
बैठकीत नवा फोटो लागला. रूपालीने प्रतिभाला सांगून तो नीट करून घेतला, स्टुडिओतून मोठा केला, सोनेरी फ्रेम. पूल, नदी, मागे बुरूज, हिरव्या साडीत रूपाली, हसून बाजूला बघतेय. सुरेख आहे. मला कापून टाकलंय. पूर्ण कापता आलं नाही, उजव्या कडेला एक कोपर राहिलंय.
आज शेजारची हिराबाई आली होती. मी आतल्या खोलीत होतो, पण कान आहेत. फोटो बघून म्हणाली, काय भारी फोटो गं. आणि हे कोपर कोणाचं?
रूपाली म्हणाली, "काय माहीत. तठला कोनी व्हई."