वाळवणीच्या जागेचे दोन खडे

कारूबेग, गॉलवे
१२ मार्च २०२३

प्रिय कोलमन,

अनेक आशीर्वाद. हडर्सफील्डला तू बरा आहेस हे तुझ्या ब्रोनाकडून कळतं. माझे गुडघे सोडले तर मीही बरा आहे. बटाटे सेंट पॅट्रिकच्या सणापर्यंत जमिनीत जातील. चॅपलच्या भिंतीला पुन्हा ओल आली, वर्गणीसाठी पुन्हा मीच बोललो, आणि लोकांनी टाळ्या वाजवून खिसे बंदच ठेवले.

ऑक्टोबरपासून तू माझा फोन उचलत नाहीस. मीही उचलला नसता.

मंगळवारी सुनावणी आहे. तुझ्या मुलीच्या घराचं काम थांबवणारा, मी मिळवलेला तात्पुरता मनाई हुकूम कायम होणार की उठणार, ते त्या दिवशी ठरेल. हुकूम मिळाला तेव्हा मी कोर्टाच्या पायऱ्यांवर उभा राहून बोललो होतो. जमीनदार गेले, त्यांचे कारभारी गेले, पण समुद्राचं शेवाळ वाळवायची जागा भावाभावांत सामाईकच राहिली, आणि सामाईक जमिनीच्या उरावर कुणी एकट्याने काँक्रीट ओतायचं नाही. तत्त्व म्हणून यातला शब्दही मी मागे घेत नाही.

ब्रोना नवऱ्यासोबत त्याच जागेवर कॅरॅव्हॅनमध्ये हिवाळा काढते आहे. पाया अर्धा खणलेला, सळया गंजलेल्या, खोदाईचं यंत्र पाण्यात उभं. परवा दुकानात भेटली.

"काका, तुमच्या हुकुमाचा कागद खांबावरून दोनदा उडाला. दोन्ही वेळा मीच परत लावला."

"कायद्याचा मान राखतेस."

"राखते. पण बाबा म्हणतात वाटणी झाली होती, तुम्ही म्हणता नाही. दोघांपैकी एकाचं डोकं गेलंय. आणि बाबा अजून शब्दकोडं पेनाने सोडवतात."

दुकानदारीणबाई हसल्या. मीही हसलो. पाव घ्यायचा विसरून घरी आलो.

तुला चौऱ्याहत्तरचा वसंत आठवतो का? बाबांना जाऊन महिना झाला होता. वादळाने एवढं शेवाळ आणून टाकलं होतं की वाळू दिसत नव्हती. गाढवावर टोपल्या लादून आपण दोघांनी तीन दिवस ते वर ओढलं. तू भिजलेल्या विजारीत गात होतास, सूर एकही धड नव्हता. मिठाने फुटलेल्या हातांनी गरम बटाटे सोलून खाल्ले, त्यांची चव मला पुढे कुठल्याही मेजवानीत मिळाली नाही. त्या तीन दिवसांसाठी मी माझी सगळी भाषणं देऊन टाकीन.

चौथ्या दिवशी आई बाबांची टोपी घेऊन किनाऱ्यावर आली. किनाऱ्याचे वाटे गावात दर वर्षी खड्यांनी पडत, पण ती म्हणाली, "वाळवणीच्या जागेचा वाटा तुम्ही आता एकदाच पाडा, कायमचा." पांढरा खडा तुझा, काळा माझा; आधी निघेल त्याचा वरचा तुकडा. तिने डोळे मिटून टोपीत हात घातला. पहिला पांढरा आला, वरचा उन्हाचा तुकडा तुझा झाला. मग तिने रीतीप्रमाणे दोन्ही खडे समुद्रात फेकले. पुन्हा काढायची सोय राहू नये म्हणून आपल्याकडे ते फेकतात. ना कागद, ना साक्षीदार. आई गेली. उरलो तू आणि मी.

ईस्टरला तू इंग्लंडच्या बोटीवर चढलास.

लिहिलं एकदाचं. प्रतिज्ञापत्रात मी शपथेवर म्हटलं आहे की वाटणी कधीच झाली नाही. काल वकील टिअर्नीबाईंनी विचारलं, "फेस्टस, मंगळवारी हेच तोंडी सांगाल ना?"

"लिहून दिलंय की."

"लिहिलं मी. सही तुमची आहे."

बाई हुशार आहेत.

लोभाने खोटं बोललो असं समजू नकोस, जरी समजायला तुला पूर्ण हक्क आहे. एकोणपन्नास वर्षं मी तुझ्या तुकड्यावर कुंपण घातलं नाही, मेंढरं सोडली नाहीत. जमीन न वाटलेली असली की भाऊ नुसता बाहेर गेलेला असतो, संध्याकाळपर्यंत येतो. मग यंत्र आलं, ब्रोनाने तुझ्या तुकड्याच्या चार कोपऱ्यांवर खुंट्या ठोकल्या, आणि मला दिसलं की तू आता येणार नाहीस. तुझ्याऐवजी घर येणार आहे. ते थांबवायला मला कोर्टाचा एक कागद सापडला, त्याला मी तत्त्व म्हणालो.

मंगळवारी मी न्यायाधीशांना टोपी, खडे, आई, सगळं सांगणार आहे. खोट्या शपथेची शिक्षा काय होते ते टिअर्नीबाई उद्या सांगतील. गावात यापुढे मला कुणी बोलायला उभं करणार नाही, आणि ते बरोबरच होईल. ब्रोनाला अजून सांगितलेलं नाही. आधी तुला सांगणं भाग होतं.

क्षमा मागत नाही. ती कोर्टात, सगळ्यांसमोर मागेन. इथे फक्त एवढंच, की पांढरा खडा आधी निघाला, कोलमन. मी तो पाहिला.

फेस्टस