हेल्मेट सरांचा नववा देश

३ नोव्हेंबर, रविवार

कोच फुकट मिळाला, असं मी गावभर सांगतो. खरं काय काय गेलं ते इथे लिहून ठेवतो. माझा पलंग गेला — साहेबाचे पाय बाहेर लोंबतात म्हणून सुताराकडून त्याला शेपूट जोडून घेतलं, आणि मी हॉलमध्ये खाली गादीवर. घरातला ठेचा गेला. दुपारची झोप गेली, कारण साहेब दुपारी व्यायाम करतो आणि भिंतीवरचं घड्याळ हलतं. टॅक्सीची सकाळची त्र्यंबकची ट्रिप गेली, ती गाडी आता माझ्या फुटबॉल टीमच्या पोरींना मैदानावर नेते. आणि बायको, मालन, दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

आज तिने त्याच्यासाठी बिनतिखटाची मिसळ केली. बिनतिखटाची मिसळ, नाशकात! म्हणजे राग गेला.

एवढ्यात जर्मन कोच! स्वस्त पडला.

५ नोव्हेंबर

स्नेहाचा पुण्याहून फोन. पप्पा, खरंच आठ देशांचा कोच होता का तो, की थापा मारतोय? मी म्हटलं, पोरी, मी मनमाडला स्टँडवर गाड्या धुऊन सुरुवात केली. थाप मारणाऱ्याचा आवाज मला बोनेटखालून ओळखू येतो.

साहेब आधी माझं गिऱ्हाईक. त्र्यंबकच्या रस्त्याला गुडघ्यावर आयुर्वेदाचे उपचार घेत होता, मी नेआण करायचो. नाव हेल्मुट. वय एकाहत्तर. तिकडे दुसऱ्या फळीच्या क्लबात बॅक खेळायचा, सत्ताविसाव्या वर्षी गुडघा गेला. मग त्यांच्या सरकारने कोच म्हणून परदेशात धाडला आणि तो फिरतच राहिला. बेटं, वाळवंट, डोंगर — आठ देशांच्या राष्ट्रीय टीम. लग्न राहूनच गेलं.

एका देशाने निघताना कोरीव वल्हं दिलं, एकाने गालिचा, एकाने चांदीची मूठ असलेला चाबूक. सगळं बहिणीच्या माळ्यावर आहे म्हणे. हसत हसत म्हणाला, "रावजी, मला रिकाम्या हाताने कुणी काढलेलं नाही."

मीही हसलो. पण टिपून ठेवलं. माणसाला मान लागतो.

मग एकदा गाडी वाकडी करून आमच्या मैदानावर नेली. पाच मिनिटं थांबू म्हणालो. साहेब अंधार पडेपर्यंत आमच्या गोलकीपरकडे, आशाकडे बघत उभा!

९ नोव्हेंबर

पोरी त्याला हेल्मेट सर म्हणतात. त्याला अर्थ सांगितला. खूश झाला. म्हणाला, डोकं वाचवणारी वस्तू आहे, हरकत नाही.

आशाबद्दल आज बोलला. ही सुरगाण्याकडची, होस्टेलवर राहते. उजवीकडे झेप मांजरासारखी, डावीकडे मात्र पडतच नाही, नुसता हात लांब करते. साहेब म्हणाला, हिच्याहून वाईट कीपर घेऊन मी तीन देश चालवलेत. पण डावी बाजू उघडी आहे, आणि मोठ्या मॅचमध्ये ते सगळ्यांना दिसेल. जानेवारीपर्यंत मी तिला तयार करतो.

जानेवारीत राज्याच्या टीमची निवड आहे. आशाचा बाप मंगळू द्राक्षाच्या कामाला दिंडोरीकडे आलाय, मैदानावर येऊन गेला. "जानेवारीपातूर खेळू द्या तिला, शेठ. तिथं नाय जमलं तर मंग माझ्यासंग बागंत येल."

रागाने नाही बोलला. ठरलेलं सांगितल्यासारखं बोलला.

जानेवारीपर्यंत साहेब इथे राहिला पाहिजे. बाकी कशाचं काही होवो.

१७ नोव्हेंबर, रविवार

हरलो. इगतपुरीकडून. आणि हरलो ते माझ्यामुळे!

साहेबाला मराठी चार शब्द हवे होते. मी कार्डावर इंग्रजी अक्षरांत लिहून दिले. थांब, मार, इकडे दे. आणि पुढे पळायला सांगायचं तर 'जा' — जे आणि ए, दोनच अक्षरं, याच्यात काय चुकणार?

आमची निकिता बॉल घेऊन एकटी सुटली. समोर फक्त त्यांची कीपर. साहेब कार्ड बघून लाइनीवरून जीव खाऊन ओरडला, "या! या! या!"

निकिता थांबली. वळली. आणि बॉल पायाशी घेऊन हळूच लाइनीबाहेर, साहेबापाशी येऊन उभी राहिली.

त्यांनी थ्रो घेतला आणि तिकडे गोल केला.

मी चिडलो तर म्हणते, "काका, एवढा मोठा माणूस अहो-जाहो करून या म्हणतोय. न जाऊन कसं चालेल?" मालन स्टँडमध्ये पदर तोंडाला लावून बसली होती. म्हणे, साहेबांनी फक्त 'बसा, चहा घेता का' एवढंच म्हणायचं राहिलं.

संध्याकाळी उलगडा झाला. त्यांच्यात इंग्रजी 'जे' हे अक्षर 'य'सारखं वाचतात. आणि त्यांच्या भाषेत 'या' म्हणजे हो! म्हणजे आजवर सरावात पोरींनी काही चांगलं केलं की तो हो हो म्हणायचा, आणि पोरी धावत त्याच्याकडे जायच्या. त्याला वाटायचं, काय प्रेमळ पोरी आहेत.

साहेबाने कार्डावरचं माझं खोडलं आणि त्याच्या पद्धतीने लिहून घेतलं. मग गच्चीवर जाऊन बराच वेळ एकटाच जा, जा, जा. शेजारचे मला विचारायला आले, कुणाला हाकलतोय?

१८ नोव्हेंबर

एक मॅच हरलो तरी जिल्ह्याच्या लीगची फायनल अजून हातात आहे. उरलेल्या दोन्ही जिंकायच्या. जिंकणारच.

२४ नोव्हेंबर

जिंकलो! 'जा' म्हटलं की पुढे, 'या' म्हटलं की सगळ्या मागे. समोरच्यांना वाटलं काहीतरी जर्मन डावपेच आहे.

२८ नोव्हेंबर

गडबड आहे.

साहेबाला फोन येतोय. जेवणानंतर, गच्चीवर. तो जर्मनमध्ये बोलतो आणि मी खालच्या पायरीवर उभा राहून टाकीत पाणी भरलंय का ते बघतो. भाषा येत नाही, पण कान आहेत. 'ट्रेनर' कळलं. 'नात्सिओनाल' कळलं — नॅशनल. 'फेब्रुआर' म्हणजे फेब्रुवारी, लहान पोरगंही सांगेल. आणि परत परत एक आकडा: नाईन. नाईन, नाईन!

आपण नाही का मराठी बोलताना आकडे इंग्रजीत घालत? तसंच.

आठ देश झाले. आता नववा. फेब्रुवारीपासून, म्हणजे हा जानेवारीत निघणार. आशाच्या निवडीच्या आधी.

महिनाभरात एवढी जर्मन आली मला. स्नेहा दोन वर्षं क्लासला गेली असती तरी आली नसती!

२९ नोव्हेंबर

सरळ विचारावं का? मालन म्हणते विचारा. मी नाही म्हटलं. गिऱ्हाईक दुसऱ्या गाडीची चौकशी करतंय हे कळलं की तोंड उघडायचं नसतं. गाडी पुसायची, हार घालायचा आणि दारात उभी करायची. विचारलं की तो जातो. मान दिला की राहतो.

पुन्हा फोन. पुन्हा नाईन. यावेळी जरा चढ्या आवाजात. भाव वाढवतोय.

१ डिसेंबर, रविवार

जिंकलो. पुढच्या रविवारी फायनल, आणि समोर कोण? मनमाड! माझंच गाव. रेल्वेच्या ज्या मैदानावर मी अनवाणी खेळलो तिथल्या पोरी.

साहेब आशाला रोज वाळूत डावीकडे पाडतोय. तिचा कोपर सोलला. मालन हळद लावते, ती म्हणते, "काय नाय होत, काकू." काल पहिल्यांदा पूर्ण झेप घेतली. साहेब ओरडला, "या!" आणि ती उठून त्याच्याकडे गेलीच नाही, फक्त हसली. हो म्हणतोय, हे तिला कळलं.

डावी बाजू व्हायला अजून महिना लागेल, म्हणाला.

४ डिसेंबर

ठरलं. फायनल झाली की मैदानावरच सत्कार. फेटा, शाल, नारळ, आणि तांबटाकडून मोठं घंगाळ, त्यावर नाव कोरून. चारचौघांत फेटा बांधला की माणूस लगेच दुसऱ्याच्या दारात जात नाही. लाज वाटते. साहेबाला आधी सांगायचं नाही.

नववा देश काय देईल? आणखी एक वल्हं! आम्ही फेटा बांधू.

८ डिसेंबर, रविवार

जिंकलो! एक-शून्य. निकिता. 'जा' म्हटल्यावर ती गेली ती थेट जाळीत.

आशाने चार अडवले. शेवटचा डावीकडून आला, बोटांना लागून खांबावर गेला. अर्धी वीत आत असता तर गेला होता. मंगळू माझ्या शेजारी उभा होता. त्याने टोपी काढून पुन्हा घातली.

मग सत्कार. साहेबाला पुढे बोलावलं तोवर हसत होता. मी घंगाळ हातात दिलं, तेव्हा चेहरा जरा उतरला. थकला असेल. फेटा बांधताना खाली बसला, गुडघ्यामुळे वेळ लागला. फोटो काढले. सगळ्यांशी हात मिळवले, एकेका पोरीशी.

मला हळूच म्हणाला, "आशाची डावी बाजू राहिली, रावजी."

मी त्याचा हात दाबला. म्हटलं, तुम्ही आता कशाची काळजी करू नका.

त्याने मान डोलावली. "फेटा छान आहे," म्हणाला. "सगळ्यांत छान."

ऐकलंत? सगळ्यांत छान! राहतोय तो.

९ डिसेंबर

सकाळी बॅगा भरलेल्या. पलंगावरची चादर घडी करून ठेवलेली, उशीसुद्धा. उद्याचं विमान म्हणे. गुडघ्याला थंडी सोसत नाही, असं काहीतरी बोलला. मालनचे डोळे भरले. नववा देश जिंकला. फेब्रुवारीचं ठरलेलं डिसेंबरमध्येच बोलावलं असेल, घाई असेल त्यांना.

राग आला. मग गेला. आठ देशांनी ठेवून घेतलं नाही असा माणूस नाशिकने महिनाभर ठेवला. आणि नवव्याला आपणच दिला.

१० डिसेंबर

माझा ड्रायव्हर सहादू त्याला मुंबईला विमानापर्यंत सोडून आला. म्हणाला, शेठ, घंगाळ डिक्कीत ठेवू दिलं, पण फेटा नाही. कसाऱ्यापर्यंत मांडीवर घेऊन बसले होते. नुसते खिडकीबाहेर बघत. माझ्याच ड्रायव्हिंगला काही झालं का?

नाही रे बाबा.

११ डिसेंबर

पहाटे मैदान. वाळू मीच ओतली. आशा डावीकडे पडली, मी 'या' म्हटलं. ती म्हणाली, काका, तुम्ही म्हटलं की ते 'इकडे या'च वाटतं.

तरी पण करणार. जानेवारी अजून लांब आहे. साहेबाचे शब्द कार्डावर आहेत, वाळू आहे, मी आहे. मंगळूला सांगितलं, पोरीला आत्ताच बागेत नेऊ नको. मनमाडच्या स्टँडवर कुणी मला शिकवायला नव्हतं, तरी गिअर पडलाच ना!

१५ डिसेंबर, रविवार

आशाने हेल्मेट सरांना फोनवर निरोप पाठवला होता. नवव्या देशासाठी शुभेच्छा म्हणून. आज उत्तर आलं, इंग्रजीत. स्नेहा सुट्टीला घरी आली आहे, तिने वाचून दाखवलं.

कुठला नववा देश? मी बहिणीच्या घरी आहे. एका राष्ट्रीय टीमसाठी मित्राचे फोन येत होते, मी दर वेळी नको म्हणून सांगितलं. घंगाळ दिलंत तेव्हाच समजलो; तुमचा नवीन कोच आला का? त्याला सांग, आधी डावी बाजू.

मी स्नेहाला विचारलं, मग तो फोनवर नाईन, नाईन कशाला म्हणायचा? तिने मोबाइलमध्ये शोधून सांगितलं.

जर्मनमध्ये नाईन म्हणजे नाही.