मेरीच्या बाटलीतलं पाणी

बाबा, तुम्हाला जाऊन सहा वर्षं झाली आणि सहा वर्षं मी हे पत्र टाळतोय. कारणं होती. कधी सफरचंदं तोडायला वॉशिंग्टनला, कधी ट्रॉयच्या एका काकांच्या गॅरेजात, आणि माझं मराठी चौथीतच अडकलेलं. पण खरं म्हणजे तुमच्याशी बोलावंसं वाटत नव्हतं. आज बसलोय ते न्यू जर्सीत, आपल्या जुन्या घरासमोरच्या आयरिश मावशीच्या किचनमध्ये. उद्या सुनावणी आहे.

आपला रस्ता तुम्ही विसरला नसाल. निम्मी घरं आयरिश, प्रत्येकाच्या अंगणात विहीर, आणि टेकडीमागे तुमची कंपनी रसायनांच्या कचऱ्याचे ड्रम पुरायची. तुम्ही तिथले केमिस्ट. बायकांनी ट्रक अडवले ते वर्ष एक्क्याऐंशी. अडवायचे म्हणजे काय, तर ट्रक दिसला की ह्या भर रस्त्यात गुडघे टेकून जपमाळ सुरू करायच्या. ड्रायव्हर त्यांच्यातलेच, कुणाचा भाचा, कुणाचा दीर. चालू जपात हॉर्न वाजवायची कुणाची टाप नव्हती. इंजिन बंद, टोपी हातात, आख्खी माळ संपेपर्यंत. मावशीच्या आयर्लंडमधल्या गावी म्हणे बायकांनी असंच करून एक कारखाना येऊच दिला नव्हता. माझी शाळेची बस त्यापायी लेट व्हायची, मला मजा यायची. तुम्ही पडद्याआडून बघत म्हणायचात, "रिकामटेकड्या आहेत."

मग ती बाटली. मावशीने तिच्या विहिरीचं पाणी भरून आपल्या पायरीवर ठेवलेलं, सोबत तुमच्या नावाचं पाकीट. घट्ट झाकणाची दुसरी बाटली तिच्याकडे नसणार. ही प्लास्टिकची होती, येशूच्या आईच्या, मेरीच्या आकाराची, निळा मुकुट म्हणजेच झाकण. तीर्थयात्रेहून आणलेल्या असल्या चार-पाच बाटल्या ह्यांच्या घरोघरी असतात. आईने पाकीट तुमच्यासाठी टेबलावर ठेवलं आणि बाटली देवघरात, गंगेच्या गडूशेजारी. म्हणाली, त्यांच्या देवाचं असलं तरी तीर्थच ना. शनिवारची सकाळ आहे. आई पळीने माझ्या ओंजळीत ते पाणी घालते, मी हात तोंडाशी नेतो, आणि तुम्ही फोडलेलं पाकीट आणि 'आमच्या विहिरीचं पाणी, तपासून द्या' अशी आतली चिठ्ठी हातात घेऊन येता. तुमचा फटका माझ्या मनगटावर बसतो. पळी उडून स्टोव्हखाली जाते.

"प्यायलास का? खरं सांग, प्यायलास?"

तोवर तुम्ही माझ्यावर कधी हात उचलला नव्हता. माझे हात तुम्ही साबणाने तीनदा धुतलेत, आणि तेही सिंकच्या नळाखाली नाही. दर शुक्रवारी दुकानातून विकतचं पाणी आणायचात ना, त्या कॅनमधून. विहिरीच्या पाण्यात डाळ शिजत नाही म्हणून आणतो, असं आम्हाला सांगितलेलं. दोन वर्षं आणत होतात. तुम्ही आईला म्हणालात, ही बाटली फेकून दे. ती म्हणाली, "देवाची आहे. कचऱ्यात नाही टाकणार मी." मी चौदा वर्षांचा होतो बाबा, मठ्ठ नव्हतो.

पुढच्या आठवड्यात चर्चच्या हॉलमध्ये मीटिंग. कंपनीने तुम्हालाच पाठवलं. गोरा साहेब नको, सूट घातलेला साधा इंडियन सायंटिस्ट बरा. तुम्ही म्हणालात, पाण्यात काही दोष नाही. मावशी उठली, स्वतःच्या विहिरीचं पाणी काचेच्या ग्लासात ओतून तुमच्यासमोर ठेवलं आणि हळू म्हणाली, "तुम्ही प्या. मग मी घरी जाते." ग्रीन कार्डची आपली फाइल कंपनीच्या टेबलावर होती, हे मला माहीत आहे. तुम्ही ग्लास रिकामा केलात. रुमालाने तोंड पुसलंत. मावशी बोलल्याप्रमाणे घरी गेली, बाकीच्याही गेल्या. सोमवारपासून ट्रक बिनबोभाट जायला लागले, आणि तो सगळा रस्ता आणखी चार वर्षं तेच पाणी पीत राहिला. कारण तुम्ही प्यायला होतात.

दोन वर्षांनी कंपनीच्या पार्किंग लॉटमध्ये तुम्हाला हार्ट अटॅक आला. ग्रीन कार्डं नंतरच्या महिन्यात आली. मी शाळा सोडली ती तेव्हाच. मावशीची मुलगी मागच्या वर्षी गेली. पाण्याने की आणखी कशाने, डॉक्टर सांगत नाहीत. आता त्या बायका पुन्हा उभ्या राहिल्यात, ह्यावेळी वकील घेऊन. कंपनी म्हणते, आमच्या माणसांना तेव्हा काही ठाऊकच नव्हतं.

म्हणून मावशीने मला शोधून काढलं. गेल्या रविवारी ह्याच टेबलापाशी तिने विचारलं, "मला एवढंच सांग. त्याला माहीत होतं?"

मी म्हणालो, "आठवत नाही, मावशी."

तिने माझ्या कपात चहा ओतला, दूध घातलं, आणि दुसरंच काहीतरी बोलायला लागली. मी तोंड पुसलं. आई हल्ली ताईकडे असते, कॅलिफोर्नियात फ्रीमाँटला; सुनावणीचं सांगायला तिथे फोन केला तर ती म्हणाली, "गेलेल्या माणसाचं नाव कशाला काढतोस?" आणि ठेवून दिला.

तुमच्यावर इतकी वर्षं दात ओठ खात फिरलो, आणि वेळ आली तेव्हा तुमच्यासारखाच गिळून बसलो. हे पत्र पाठवायला पत्ता असता तरी मी ते खिशातच ठेवलं असतं.

दारात कुणीतरी आलंय. मावशी उठून गेलीये. आई आहे. एकटी, विमानाने, न सांगता. कोटसुद्धा काढला नाहीये तिने. पर्सची चेन अर्धवट उघडी आहे आणि त्यातून निळा मुकुट दिसतोय.