पडदा काळा झाला की

७ जानेवारी २०२५

पुन्हा काळा! गाड्यांची घरघर ऐकू येते, लोकांच्या शिट्ट्या ऐकू येतात, आणि टीव्हीवर नुसता अंधार. कोपऱ्यात निळी पट्टी — सिग्नल मिळत नाही. मी आत कांदा चिरत होते. दादाची हाक आलीच. "ममे! हे पाय ना वो, पुन्हा गेलं!"

गेले. ऑल्ट दाबून एन्टर. गेम मोठ्या पडद्यावरून उतरून छोट्या चौकटीत आला. आत सेटिंगमध्ये रिफ्रेश रेटचा आकडा पंच्याहत्तरचा साठ केला, पुन्हा ऑल्ट-एन्टर, आणि टीव्हीभर रस्ता! दादा म्हणाला, "माही बहीण म्हणजे बहीण!"

गेम जुना आहे. आमच्या जुन्या मॉनिटरला पंच्याहत्तर चालायचं, या टीव्हीला साठच्या वर झेपत नाही. गेम मात्र मधूनच आपला जुना आकडा धरून बसतो. मग पडदा काळा.

टीव्ही रीनाच्या आंदणातला. डिसेंबरात दादाचं लग्न झालं आणि एकोडीहून रीना आली, कपाट आलं, टीव्ही आला. मॉनिटर माळ्यावर गेला. सगळ्यांसमोर मी तिला वहिनी म्हणते. इथं रीनाच लिहीन. इथं कोण पाहतंय!

ती दारात उभी राहून माझ्या बोटांकडे पाहत होती. मी जरा वळून बसले. कीबोर्ड माझ्या पाठीआड.

१० जानेवारी

"ताई, मले पण शिकवा ना ते." — रीना, सकाळी, नळावर.

"काही नसते त्यात. होऊन जाते आपोआप," म्हटलं.

१३ जानेवारी

आज फार जळले. लिहूनच टाकते.

टीव्हीवर गेम पूर्ण यायचा, पण कडा कापल्या जायच्या. वरच्या कोपऱ्यातला वेग अर्धा दिसायचा, खालचा नकाशा तर दिसायचाच नाही. आठवडाभर मी संगणकात शोधत होते. रिझोल्यूशन बदललं, गेमच्या प्रॉपर्टीत जाऊन खुणा केल्या, काढल्या. दादाला म्हटलं, "जुन्या गेमले असंच होते. चालवून घे." तो चालवून घेत होता.

आज कॉलेजमधून आले तर चारही कोपरे दिसताहेत! नकाशा, वेग, सगळं. आणि दादा मला सांगतोय, मला! "रीनानं केलं. टीव्हीच्याच रिमोटमंदी होतं वो. चित्राचा आकार म्हणून. आपण उगाच संगणकात डोकं घालून राहिलो होतो."

आपण? डोकं मी घातलं होतं.

"मोबाईलवर पाहिली मी," ती म्हणाली. लाजून. लाजायचं काय त्यात! मी "छान" म्हटलं आणि सायकल पुसायला बाहेर गेले. सायकल स्वच्छच होती.

माय बाहेर आली. "तोंड काहून एवढं करून बसली?"

"काही नाही."

"पोरीनं एक काम केलं तं तुले बरं नाही वाटून राहिलं." माय मासोळ्या विकते, बाजारात बसते. माणसाच्या तोंडावरून तिला सगळं समजतं.

१४ जानेवारी

तीळगूळ दिला, घेतला. गोड बोलले. तोंडाने.

१६ जानेवारी

ती बाणांवर बसते!

दोघांनी एकाच कीबोर्डवर खेळायचा गेम आहे. पडदा मधून कापलेला, वरची गाडी एकाची, खालची दुसऱ्याची. डावीकडची अक्षरं दादाची, उजवीकडचे बाण माझे. मी सहावीत होते तेव्हापासून. बाबा गेले त्या वर्षी दादानं शाळा सोडून तलावावर मासे धरायला जायला सुरुवात केली. पहिल्या हंगामानंतर त्यानं भंडाऱ्याच्या बंद पडलेल्या सायबर कॅफेतून हा संगणक आणला. माय ओरडली होती. दादा म्हणाला होता, "ममी शिकेल." गेम त्यातच होता. आम्ही संध्याकाळी जाळी वाळत टाकून बसायचो. माझी गाडी पुलावरून पाण्यात पडली की दादा म्हणायचा, "मामा आंघोळीले गेला!" का मामा, कोण मामा, कोणाला माहीत! पण हसून हसून पोट दुखायचं.

आज मी दारात, आणि बाणांवर तिची बोटं. बांगड्या वाजताहेत. तिची गाडी पाण्यात पडली. दादा म्हणाला, "मामा आंघोळीले गेला!" ती हसली. दादाही हसला.

तो मामा आमचा होता.

१८ जानेवारी

भंडाऱ्यातल्या एका युवक मंडळाची स्पर्धा आहे, सव्वीस तारखेला. हाच गेम, जोडीनं. मागची दोन्ही वर्षं मी आणि दादा होतो. मागच्या वर्षी दुसरे आलो. यंदा पहिला नंबर घ्यायचाच असं आमचं ठरलं होतं.

जेवताना दादानं सांगितलं, रीनाचं नाव दिलं.

मी ताटाकडे पाहत राहिले. म्हटलं, "बरं."

नंतर अंगणात एकटा सापडला तेव्हा विचारलं. "मले काहून नाही विचारलं?"

"अवो, तिले अजून घर लागून नाही राहिलं. रडते कधी कधी. थोडी बाहेर निघेल, चार लोकांत हसेल. तू काय, तू तं घरचीच आहे."

घरची आहे म्हणून बाहेर ठेवायचं? असं बोलले नाही. बोलायला हवं होतं.

२१ जानेवारी

मी केलं.

घरात कोणी नव्हतं. आत जाऊन साठचा पंच्याहत्तर केला. एवढंच. आकडाच तर आहे!

संध्याकाळी दोघं सरावाला बसले. पडदा काळा. रीनानं रिमोट घेतला, हे दाबलं, ते दाबलं. नाही आलं. मी आत वरण ढवळत ऐकत होते. मनात मोजत होते, आता हाक येईल, आता येईल...

"ममे!"

गेले. पुन्हा पाठ वळवून बसले, चटकन साठ केला. दादा खूश. रीना मात्र टीव्हीकडे पाहत नव्हती. माझ्याकडे पाहत होती. सकाळी तिनंच संगणक बंद केला होता, तेव्हा चांगला होता. तिला समजलं. नक्की समजलं!

ती दादाला काही बोलली नाही. मला वाटतं, बोलली असती तर बरं झालं असतं.

२६ जानेवारी

कुठून सुरू करू.

सभागृह भरलेलं. प्रत्येक जोडीनं आपला सीपीयू आणायचा, मोठा पडदा मंडळाचा, तोही साठचाच. दादानं सीपीयू मोटारसायकलवर मांडीत धरून आणला, गादीच्या खोळीत गुंडाळून. चालवत होती रीना! कारध्याच्या पुलावरून जाताना सगळं गाव पाहत होतं म्हणे. मी आणि माय ऑटोनं गेलो.

पहिल्या दोन फेऱ्या जिंकले. मी टाळ्या वाजवल्या. आपोआप वाजल्या, खोटं कशाला लिहू. रीना वळणावर ब्रेक मारत नाही, नुसती सोडून देते आणि गाडी बरोबर निघते. मला हे इतक्या वर्षांत जमलं नाही.

शेवटच्या फेरीआधी चहाची सुट्टी झाली, सगळे संगणक बंद करून पुन्हा लावले. यांची पाळी आली. गाड्या सुरू झाल्याचा आवाज आला. आणि पडदा काळा. वर लिहिलेलं — सिग्नल मिळत नाही.

गेमनं जुना आकडा धरला होता. मला बसल्या जागी समजलं.

मंडळाचा माणूस माईकवरून म्हणाला, "पाच मिनिटं. नाहीतर जोडी बाद." नियम छापलेलाच होता.

रीना कीबोर्डवर वाकली. एस्केप दाबलं, काय काय दाबलं. केबल काढून लावली. आणि दादा? दादानं दोन्ही हात उचलून मांडीवर ठेवले आणि गर्दीकडे वळला. एकेक रांग पाहत गेला. मला शोधत होता.

मी चौथ्या रांगेत होते. कडेलाच. उठायचं, पाच पावलं चालायचं, दोन बोटं ठेवायची. एवढंच.

माय म्हणाली, "ममे, जा ना. तुले येते ना ते."

मी म्हटलं, "हे घरचं नाही होय. हे येगळं आहे."

रीनाची नजर माझ्यावर येऊन थांबली. मी मान खाली घातली. चपलेचा अंगठा पाहत बसले.

बाद झाले. लोक हळहळले. कोणीतरी शिट्टी मारली. पहिला नंबर साकोलीच्या दोन पोरांना गेला. यांच्याइतकं चांगलं ती पोरं खेळत नव्हती.

बाहेर दादा मला म्हणाला, "तू कुठं बसली होती?"

"मागं. समोर माणसं होती. काही दिसलंच नाही."

माय माझ्याकडे बघतच राहिली. मी खोटं बोलतेय हे तिच्याइतकं कोणाला माहीत! ती तोंड उघडणार, तेवढ्यात रीना म्हणाली, "गर्दीच होती जी फार. ताईले कसं दिसंल?"

मला तेव्हा तिचा सगळ्यात जास्त राग आला. माझं खोटंसुद्धा तिनंच सांभाळायचं?

२७ जानेवारी

कॉलेजला गेले नाही. डोकं दुखतं असं सांगितलं. माय माझ्याकडे न पाहताच बाजारात गेली.

दादा पहाटेच तलावावर गेला. जाताना सीपीयू जागेवर लावून गेला. तारा नीट गुंडाळलेल्या.

३० जानेवारी

रीना अंगणात लाखोळीची भाजी खुडत होती. मी समोर जाऊन बसले. दोघींच्या मधे सूप. मीही खुडायला लागले.

मग तीच बोलली. हळू. "ताई, मी तुमच्याकडं पाहून राहिली होती."

"माहीत आहे."

"तुमाले येत होतं ना ते?"

"हो."

"मंग काहून नाही उठल्या?"

मी ठरवून काहीतरी चांगलं बोलणार होते. तोंडातून निघालं, "तुमी माह्या जागेवर बसल्या होत्या."

मला वाटलं रडेल, किंवा भांडेल. तिनं हातातली भाजी सुपात टाकली. म्हणाली, "जागा? ताई, मले तं या घरात जागाच नव्हती. आली त्या दिवसापासून पाहून राहिली. तुमी दोघं बोलता, अर्ध्यातच हसता. मामा गेला म्हणता. मले वाटे कोणी मामा वारला, आन् हे हसून राहिले! रातभर विचार करो. तुमच्या दादाले विचारलं तं म्हणे, तुले नाही समजणार, ते आमचं आहे. मंग मी ठरवली, आता शिकतोच. रोज तुमी कॉलेजले गेल्या का बसो. बोटं दुखत."

"तुमी माह्यावर जळत होत्या?"

"मंग! आताबी जळतो. हाक तं तुमालेच मारतात ना. मी बाजूले बसली राहतो, तरी 'ममे'!"

मी हसले. तीही. मग मला रडू आलं, ते मात्र तिनं पाहिलं न पाहिल्यासारखं केलं. मी एकवीस तारखेचंही सांगितलं. "ते मले त्याच दिवशी समजलं होतं," म्हणाली आणि लाखोळीचं एक देठ माझ्या अंगावर फेकलं.

भाजी चुलीवर ठेवून दोघी आत गेलो. मी कीबोर्ड तिच्यासमोर सरकवला. या वेळी पाठ वळवली नाही. "ऑल्ट धरून ठेवा, मंग एन्टर. घाई नाही करायची, पडदा दोनदा लुकलुकतो. चौकट आली का सेटिंग. हा आकडा साठ. आता परत ऑल्ट-एन्टर."

पहिल्यांदा तिनं ऑल्ट सोडूनच दिला. दुसऱ्यांदा जमलं. भाजी करपली!

वहिनीला सगळं सांगून झालं. दादाला खरं सांगायचं राहिलं आहे.

२ फेब्रुवारी

आज सांगेन म्हटलं होतं. दादा दमून आला होता. नाही सांगितलं.

५ फेब्रुवारी

प्रॅक्टिकल झालं नाही, लवकर परत आले. वहिनी आणि माय बाजारात. सायकल खिडकीखाली भिंतीला टेकवली आणि खिडकीतून आत पाहिलं. दादा एकटा. टीव्ही काळा, निळी पट्टी.

हाक मारायला कोणी नाही, आता काय करतो पाहू म्हणून थांबले.

त्यानं पाहिलंसुद्धा नाही कीबोर्डकडे. ऑल्ट-एन्टर. सेटिंग. साठ. ऑल्ट-एन्टर. रस्ता आला. मला लागतो त्याच्या निम्मा वेळ.

मी खिडकीला धरून उभी. मग भंडाऱ्यात, स्टेजवर, दोन्ही हात मांडीवर ठेवून पाच मिनिटं...

माझा धक्का लागून सायकल पडली. दादा दचकला. खिडकीकडे नाही पाहिलं त्यानं. घाईनं सेटिंगमध्ये गेला, साठचा पंच्याहत्तर केला. पडदा काळा झाला. मग हाक मारली.

"ममे! आली का वो? हे पाय ना, पुन्हा गेलं!"