बेटावरच्या पाट्या

२ मार्च, सोमवार

आलो एकदाचा. दोन बॅगा, एक गादी आणि जुना लॅपटॉप, एवढ्यात माझा सगळा संसार आटोपला. खोली दुसऱ्या मजल्यावर आहे. खिडकी एकच, पण भली मोठी, आणि समोर शाळेचं मैदान. घरमालकीण बोलकी निघाली. तिनं जिन्यातच शिक्षण, नोकरी, लग्न सगळं विचारून घेतलं, आणि लग्न झालेलं नाही म्हटल्यावर ‘होईल हो’ म्हणत माझी समजूतही काढली. मी काही तक्रार केली नव्हती.

उद्यापासून कवळ्यांच्या कारखान्यात रुजू. दादा असता तर म्हणाला असता, बत्तीस दात धड घासता येत नाहीत आणि निघाला दुनियेचे दात करायला. त्याला जाऊन सात महिने झाले. साधा ताप म्हणता म्हणता छातीत उतरला, आणि संपलं. रोजनिशीची सवय त्यानंच लावली. माझं डोकं म्हणजे चाळणी, असं त्याचं ठाम मत होतं.

तरी आज बरं वाटतंय. नवा गाव, नवी वही.

४ मार्च, बुधवार

काम आवडलं. दवाखान्यांतून पेशंटच्या जबड्याची मापं, म्हणजे मऊ लगद्यात उठवलेले ठसे येतात, त्यात प्लास्टर ओतून साचा काढायचा आणि त्या साच्यावर कवळी. इथं एक नियम फार कडक आहे. त्याच पेशंटचं नवीन माप आलं की जुना साचा तिथल्या तिथे हातोडीनं फोडायचा. दोन साचे राहिले तर घोटाळा होतो आणि कवळी तोंडात बसत नाही. दोन दिवसांत मी बारा साचे फोडले. हात बसला.

समोरच्या टेबलावर पॉलिशवाल्या बाई बसतात. साठीला आल्यात, पण घरी सुनेच्या चोरून कॉम्प्युटरवर मोटारी पळवतात. मी सहज म्हटलं की दादाचे विकत घेतलेले ढीगभर गेम तसेच पडून आहेत, पण त्याचा कॉम्प्युटर मोडीत गेला आणि माझ्या लॅपटॉपला ते झेपत नाहीत. त्यावर त्यांनी मला वेड्यात काढलं. म्हणाल्या, असे गेम आता दुसऱ्याच्या मशीनवर चालवता येतात. मशीन कुठंतरी लांब, आपल्याकडे फक्त चित्र. स्वयंपाक त्यांच्याकडे, शिधा आपला. फुकटात हवं असेल तर रांगेत थांबायचं, नंबर लागला की तासभर खेळायचं.

संध्याकाळी वहिनीला फोन करून दादाच्या खात्याचा पासवर्ड मागितला. ‘तुम्हीच वापरा भाऊजी, मला त्यातलं काय कळतंय,’ म्हणाली आणि रडायला लागली. पासवर्ड मात्र तिनं लगेच पाठवला.

८ मार्च, रविवार

सकाळी चहा घेऊन बसलो. रांगेत माझ्यापुढे एकशे ऐंशी जण. चाळीस मिनिटांत नंबर लागला आणि दादाचं बेट उघडलं.

हा खेळ आम्ही दोघं दर रविवारी खेळायचो, तो त्याच्या घरून, मी माझ्या. बेटावर घर बांधायचं, झाडं लावायची, बस्स. मी कंटाळायचो, तो नाही. आता पाहतो तर धक्क्यापासून टेकडीपर्यंत त्यानं पायऱ्या बांधल्यात आणि वाटेवर लाकडी पाट्या ठोकल्यात. चार दिसल्या. धक्क्यावरचीच वाचली: ‘धाकट्या, इथून उडी मारू नकोस. गुडघा आठव.’

मी सात वर्षांचा असताना टाकीवरून उडी मारली होती. गुडघा फुटला. दादा बारा वर्षांचा, त्यानं मला पाठीवर घेऊन दवाखाना गाठला आणि वाटभर मलाच शिव्या घातल्या. ते आठवून हसलो, मग रडलो. मग तास संपला आणि चित्र गेलं.

खरी गोष्ट इथं लिहितो, नाहीतर वही कशाला. आईला दोन महिने माझ्याकडे ठेव, असं दादा म्हणाला होता. वहिनीचं ऑपरेशन होतं. मी म्हटलं माझी जागा एवढीशी, मला जमणार नाही. तो अजीजीनं बोलत होता आणि मी म्हटलं, ‘मोठा तू आहेस ना? मग तूच निस्तर.’ आणि फोन ठेवला. पुढच्या रविवारी त्याचा फोन आला, मी उचलला नाही. भांडणानंतर अकराव्या दिवशी तो गेला. आई आता मावशीकडे आहे.

खेळ म्हणतो की दादा शेवटचा आला होता तो त्याच रविवारी. भांडणानंतर. म्हणजे त्या पाट्यांत काहीतरी तेव्हाचं असणार. तो माझ्यावर रागावून गेला का, एवढंच मला कळायला हवंय.

११ मार्च, बुधवार

कामावरून आलो तो थेट रांगेत बसलो. नंबर लागल्यावर एक चौकट आली: या बेटाच्या दोन प्रती सापडल्या. एक सात महिन्यांपूर्वीची, एक गेल्या रविवारची. कोणती ठेवायची? दुसरी कायमची पुसली जाईल. खाली सेकंद उलटे पळत होते.

मी नवीन ठेवली. विचारसुद्धा केला नाही. दिवसभर तेच करतो ना, नवं माप आलं की जुना साचा फोडायचा.

बेट जसंच्या तसं होतं. फक्त धक्क्यावरची पाटी कोरी. चित्र नीट आलं नसेल म्हणून पुढे गेलो. दुसरी पाटी फुलझाडांच्या वाफ्यापाशी: ‘बाईसाहेबांची बाग. फूल तोडेल त्याला जेवण नाही.’ हे वहिनीसाठी. लग्नाआधी दादा तिच्या वडिलांच्या अंगणातलं फूल तोडताना सापडला होता, तिथून त्यांचं जमलं.

१२ मार्च, गुरुवार

आईला फोन केला. बोलता बोलता गुडघ्याची गोष्ट काढली. आई म्हणाली, दादा कुठं होता रे तेव्हा, तू एकटाच लंगडत गेलास दवाखान्यात. मी हसून सोडून दिलं. वय झालंय तिचं.

पण ही गोष्ट आई पाहुण्यांना किमान पन्नास वेळा सांगत आलीय.

१४ मार्च, शनिवार

घाईत लिहितोय, अक्षर वाईट येणार.

वहिनीला फोन लावला. पासवर्डबद्दल आभार मानायचे होते. आवाज तिचाच. ती म्हणाली, ‘माफ करा, आपण कोण?’ मी म्हटलं, वहिनी, मी. ती म्हणाली राँग नंबर. मी दादाचं नाव सांगितलं, तर म्हणाली, ‘अहो, माझं लग्नच झालेलं नाही.’ आणि सभ्यपणानं फोन ठेवला.

तिचा आवाज मोकळा होता. सात महिने रडून जड झालेला तो आवाज नव्हता. क्षणभर मला बरंही वाटलं तिच्यासाठी. त्याची आता लाज वाटते.

१५ मार्च, रविवार

खात्री करायला गेलो. जायला नको होतं.

बागेची पाटीही कोरी. मी जी पाटी वाचतो, तास संपला की ती पुसली जाते, आणि त्या पाटीतलं जे असेल ते इकडूनही जातं. जुनी प्रत मीच फोडली. आता आहे ते माझ्याच नजरेनं झिजतंय.

काही न बघता बाहेर पडायचं ठरवलं. मान खाली घालून धक्क्याकडे वळलो तर वाटेत दादानं नव्यानं बांधलेली खोली, आणि दारावरच पाटी, डोळ्यांसमोर. वाचली गेली.

‘आईची खोली. धाकट्याकडे जागा नाही, म्हणून इथं बांधली.’

बंद करायला धडपडलो. बाहेर पडतानाच त्यानं सगळं आपोआप सेव्ह केलं.

हे रागानं लिहिलं होतं की चेष्टेनं? दादा चेष्टा असाच करायचा, तोंड अगदी सरळ ठेवून. पण रागसुद्धा तो असाच — 

१७ मार्च, मंगळवार

आई म्हणाली, ‘तू एकुलता एक, तुझ्याशिवाय मला आहे कोण?’ मी दोनदा विचारलं. तिसऱ्यांदा ती घाबरली, म्हणून थांबलो. मावशीला म्हणाली असेल की पोराच्या डोक्यावर परिणाम झालाय.

पॉलिशवाल्या बाईंना दादाबद्दल किती सांगितलं होतं. आज डबा खाताना म्हणाल्या, एकुलत्या एक मुलांचं असंच असतं, मन मोकळं करायला कुणी नसतं.

टेकडीवरची पाटी उरलीय. शेवटची. समुद्राकडे तोंड करून ठोकलीय, वळसा घालून गेल्याशिवाय दिसत नाही. तिथं माझं उत्तर आहे. पण वाचली की दादा संपला. नाही वाचायची. मला कळलं नाही तरी चालेल. रागावलेला का होईना, असू दे.

१८ मार्च, बुधवार

लिहून ठेवतो. दादा माझ्याहून पाच वर्षांनी मोठा. डावखुरा. चहा बशीत ओतून प्यायचा. शिंकला की शेजारचे दचकायचे. नाव —

नाव आठवत नाही. शनिवारी मी वहिनीला सांगितलं होतं ते नाव. जन्मभर दादाच म्हणत आलो, आणि आता —

१९ मार्च

खेळ उघडलेला नाही. तरी जातंय. आज आवाज गेला. त्याचा आवाज कसा होता ते आठवायला गेलो तर माझाच ऐकू येतो.

कामावर एक साचा फोडताना रडायला आलं. मालकांनी घरी पाठवलं.

२० मार्च

डावखुरा असं लिहिलंय वर. लिहिलंय म्हणून कळलं. चेहरा —

२१ मार्च, शनिवार

न वाचून तो राहत नाहीये. रोज थोडा थोडा चाललाय. मग निदान कुणी लिहिलंय हे मला माहीत आहे तोवर तरी वाचावं. उशीर झाला तर पाटी वाचायला मी असेन, पण तिच्यातला धाकटा नसेल.

उद्या सकाळी.

२२ मार्च, रविवार

रांगेत बसलोय. माझ्यापुढे चारशे बारा. रविवार म्हणून गर्दी. वही मांडीवर.

दादासाठी थांबलोय. दादा माझा मोठा भाऊ. मी त्याला म्हटलं तूच निस्तर. तो रागावला होता का ते बघायचंय.

तीनशे तीस. दादा मोठा भाऊ. तूच निस्तर.

दोनशे साठ. लवकर, लवकर. त्यानं मला पाठीवर — कुठं नेलं होतं? गुडघ्यावर टाक्यांची खूण आहे. खूण खरी आहे.

एकशे नव्वद. मोठा भाऊ. मी बोललो. फोन उचलला नाही. उचलायला हवा होता.

एकशे चाळीस. भावासाठी थांबलोय. दादा म्हणायचो वाटतं मी. घट्ट धरून बसलोय शब्द.

नव्वद. एक पाटी वाचायची आहे. समुद्राकडे तोंड केलेली. फार महत्त्वाची आहे. विसरू नकोस —

चाळीस. कुणीतरी —

सात. छातीत काहीतरी दुखतंय. उन्हामुळे असेल.

लागला नंबर. सुरेख बेट आहे. रविवारची सकाळ, काम नाही, एक तास मोकळा. धक्क्यापासून पायऱ्या आहेत, कुणीतरी मन लावून बांधल्यात. वाटेतल्या पाट्या कोऱ्या. वर टेकडीवर एक आहे, पाठमोरी. वळसा घालून गेलो. तिच्यावर मजकूर आहे. उतरवून घेतो, छान लिहिलंय:

‘धाकट्या, रागावलो नाहीये रे. मोठा मी आहे, मी निस्तरतो. तू फक्त फोन उचल.’

कुणातरी भावाभावांचं दिसतंय. ज्याच्यासाठी लिहिलं, त्यानं वाचलं असेल का? वाटत नाही. पायऱ्यांवर गवत वाढलंय. बिचारा कुठंतरी जिवाला लावून घेऊन बसला असेल.

माझ्या डोळ्यांना धार का लागलीय कळत नाही. मला ना भाऊ ना बहीण. पानावरचं वरचं अक्षर माझंच आहे, पण काय गिरवलंय कोण जाणे.

तासातली चार मिनिटं उरलीत. त्या मुलाला शोधून कुणीतरी कळवायला हवं. एवढंच सांगायचं त्याला, की बाबा रे, तुझा